कमानींच्या सावलींत : कोडीं सोडवीत पाहिलेली मुंबई

वरंधा घाटाच्या पायथ्याशीं आमचें वरंध गांव वसलें आहे. मृग लागला कीं घाटावरचे ढग खालीं उतरतात आणि पुढले चार महिने पावसावांचून दुसरी वार्ता नसते. म्हणून आमच्याकडे घर बांधतांना भिंतींच्या आधीं पडवीचा विचार होतो. पडवींत भाताचीं पोतीं राहतात, ओलीं इरलीं टांगलीं जातात, शेजारी गप्पांस बसतात, आणि घाट उतरून आलेला अनोळखी वाटसरूही पाऊस ओसरेपर्यंत तेथेंच टेकतो. ‘येथें कां बसलांत?’ म्हणून त्याला कोणी विचारीत नाहीं. पडवी घरधन्याची खरी, पण उपयोग गांवाचा, असा हा अलिखित कायदा आहे. आज मी मुंबईच्या पडवीविषयीं बोलणार आहें. तिचा कायदा मात्र लिहिलेला होता.

ह्या विषयाकडे मी वळलों तो एका घरगुती कारणामुळें. माझे वडील सन १९५० च्या सुमारास, वयाच्या सोळाव्या वर्षीं, पोट भरण्याकरितां मुंबईस गेले. कोटांत म्हणजे फोर्टांत ओझीं वाहण्याचें काम त्यांना मिळालें. राहण्यास जागा नव्हती. तेव्हां पहिला सबंध पावसाळा त्यांनीं हॉर्नबी रोडवरील एका इमारतीच्या कमानीखालीं निजून काढला. ते म्हणत, ‘‘मुंबईनें मला खोली दिली ती दोन वर्षांनीं, ओसरी मात्र पहिल्याच रात्रीं दिली.’’ वडिलांना अक्षरओळख नव्हती. इमारतींचीं नांवें त्यांना वाचतां येत नसत. आपली जागा ते खुणेनें ओळखीत : खांबाच्या माथ्यावर तीन पानांचा झुपका, आणि वर नाक तुटलेलें एक दगडी तोंड. ही खूण त्यांनीं मला लहानपणीं इतक्या वेळां सांगितली कीं ती मला पाठ झाली. पण ती पाहावयास मी कधीं गेलों नाहीं. पस्तीस वर्षें मीं मुलांना इतिहास शिकविला. पानिपतचें साल विचारलें, तहांचीं कलमें पाठ करून घेतलीं. परंतु ज्या दगडी छपरानें माझ्या बापाला पावसांतून वांचविलें, तें कोणीं बांधलें आणि कां बांधलें, हा प्रश्न मला निवृत्त होईपर्यंत पडला नाहीं. हें सांगतांना मला थोडी लाज वाटते.

गेल्या नाताळच्या सुटींत मीं ठरविलें कीं आपण जावें, आणि एकट्यानें न जातां मुलांना घेऊन जावें. माझी नात तेरा वर्षांची व नातू अकरांचा. दोघे डोंबिवलीस राहतात. वरंधहून माझ्याबरोबर एक चौदा वर्षांचा विद्यार्थी आला होता. तो मला अजून गुरुजीच म्हणतो, आणि मुंबई तो प्रथमच पाहत होता. ह्या तिघांना मी वाटाड्यासारखा ‘ही अमुक इमारत, ती तमुक इमारत’ असें सांगत फिरलों असतों, तर अर्ध्या तासांत त्यांनीं जांभया दिल्या असत्या. म्हणून मीं निराळा उपाय केला. आठ कोडीं लिहिलेला एक कागद तयार केला. एका कोड्याचें उत्तर सांपडल्यावांचून दुसऱ्याकडे जावयाचें नाहीं. मोबाइल पिशवींत राहील. वाटेंत पहारेकरी, दुकानदार, फेरीवाले ह्यांना ‘काका’, ‘मावशी’ म्हणून नम्रपणें विचारण्यास मोकळीक आहे. मात्र उत्तर डोळ्यांनीं पाहिलें पाहिजे. ऐकीव उत्तर धरलें जाणार नाहीं. आणि मी मागून चालेन, पुढें नाहीं.

खुणांचा माग काढीत जाणें ही आमच्या भागाला नवी गोष्ट नाहीं. आमच्या गांवाजवळ शिवथरघळ आहे. समर्थ रामदासांनीं दासबोध जेथें सांगितला असें मानतात ती हीच. ही घळ लोकांच्या विस्मरणांत गेली होती. धुळ्याचे समर्थभक्त संशोधक शंकर कृष्ण देव ह्यांनीं इ. स. १९३० सालीं तिचा शोध लावला. आज तेथें मोटारी जातात, आणि येणाऱ्या पुष्कळांना ती कधीं हरवली होती हेंही ठाऊक नसतें. जी गोष्ट डोळ्यांसमोर असून कोणी पाहत नाहीं ती हरवल्यासारखीच असते. मुंबईच्या कमानींचें तसेंच झालें आहे.

रविवारीं सकाळीं आठ वाजतां आम्ही छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनसवर उतरलों. रविवार मुद्दाम निवडला होता, कारण त्या दिवशीं फोर्टांत कचेऱ्या बंद असतात व मान वर करून चालणाऱ्यास कोणाचा धक्का लागत नाहीं. पहिलें कोडें असें होतें : ‘दोन पहारेकरी एकाच फाटकावर बसले आहेत. एक येथल्या रानांतला, दुसरा साहेबाच्या निशाणावरचा. दोघे कोण?’ नातू धांवत गेला आणि ‘‘दोन सिंह!’’ म्हणून ओरडत आला. वरंधच्या मुलानें सावकाश पाहिलें व म्हटलें, ‘‘गुरुजी, एकाला आयाळ नाहीं. तो वाघ आहे.’’ उत्तर बरोबर होतें. फाटकाच्या एका खांबावर इंग्लंडचा सिंह आहे व दुसऱ्यावर हिंदुस्थानचा वाघ. फ्रेडरिक विल्यम स्टीव्हन्स ह्या स्थापत्यकारानें ही इमारत रचली. काम १८७८ सालीं सुरू झालें आणि पुढें सुमारें दहा वर्षें चाललें. समोरची महानगरपालिकेची इमारत त्याचीच, १८९३ सालची. टर्मिनसवरील पानें, फुलें, पशुपक्षी कोरण्याच्या कामांत मुंबईच्या सर जमशेटजी जिजीभाई कलाशाळेच्या विद्यार्थ्यांचा हात होता. म्हणजे कल्पना साहेबाची, पण छिन्नी पुष्कळशी आपल्या लोकांच्या हातची. २००४ सालीं युनेस्कोनें ही इमारत जागतिक वारशाच्या यादींत घातली.

दुसरें कोडें : ‘जमीन माझी, खांब माझे, वरचें घर माझें, पण मधून चालणारे पाय तुमचे, आणि भाडें कांहीं नाहीं. मी कोण?’ ह्या कोड्यासाठीं मुलें दादाभाई नौरोजी रस्त्यावरून दहा मिनिटें चालत होतीं, आणि तें उत्तर त्यांच्या डोक्यावरच होतें. शेवटीं नात थबकली, वर पाहून म्हणाली, ‘‘आजोबा, आपण मघांपासून कोणाच्या तरी घराखालून चाललों आहों!’’

श्रोतेहो, हेंच ह्या विषयाचें मर्म आहे. म्हणून येथें थोडा मागचा इतिहास सांगतों. इंग्रजांची मुंबई पूर्वीं तटाच्या आंत होती. अठराव्या शतकाच्या आरंभीं तो तट उभा राहिला. त्याला जमिनीच्या बाजूनें तीन दारें होतीं : अपोलो दार, चर्चचें दार आणि बाजार दार. आंत गोऱ्यांचीं घरें, वखारी, देवळें, बाजार ह्यांची अतोनात दाटी झाली. १८०३ सालीं मोठी आग लागून कोटांतील वस्तीचा बराच भाग जळाला, तरी तट राहिलाच. पुढें अमेरिकेंत यादवी युद्ध पेटलें. १८६१ पासून १८६५ पर्यंत तेथला कापूस इंग्लंडला मिळेना, आणि आपल्या कापसाला सोन्याचा भाव आला. मुंबईंत पैशाचा पूर आला. त्याच काळांत, १८६२ सालीं, सर बार्टल फ्रिअर गव्हर्नर झाले. शत्रूचें भय सरलें असून तटामुळें शहराचा श्वास कोंडतो आहे हें ओळखून त्यांनीं तट पाडविला. मोकळ्या झालेल्या जागेंत रुंद रस्ते व मोठ्या इमारती आल्या. त्या रस्त्यांपैकीं प्रमुख तो हॉर्नबी रोड. १७७१ ते १७८४ पर्यंत गव्हर्नर असलेल्या विल्यम हॉर्नबीचें नांव त्याला होतें. पुढें त्याला दादाभाई नौरोजींचें नांव मिळालें.

ह्या रस्त्यावर इमारती बांधणारे मालक निरनिराळे होते. कोणी विलायती व्यापारी, कोणी पारशी शेट, कोणी विमा कंपनी. प्रत्येकाची आवड निराळी. इ. स. १८९६ च्या नियमानें त्यांच्यावर एक अट घातली गेली : तळमजल्यावर रस्त्याच्या बाजूस पादचाऱ्यांकरितां सलग कमानींची वाट ठेवली पाहिजे. वर गॉथिक करा, ग्रीक करा, इस्लामी घुमट काढा, आम्हांस हरकत नाहीं. पण खालची पडवी शेजाऱ्याच्या पडवीस जुळली पाहिजे. म्हणून आज ह्या रस्त्यावर एका इमारतीचे खांब दुसरीसारखे नाहींत, परंतु चालणाऱ्यास एका टोंकापासून पुष्कळ दूरपर्यंत उन्हापावसांतून वांचून जातां येतें. अंग निराळें, हात मात्र एकमेकांत गुंफलेले, अशी ही इमारतींची रांग आहे.

असा नियम जगांत प्रथम मुंबईंतच झाला असें नव्हे. इटलींत बोलोन्या नांवाचें एक जुनें विद्यापीठाचें शहर आहे. तेथें इ. स. १२८८ सालींच असा ठराव झाला कीं प्रत्येक घरमालकानें आपल्या जागेंत, आपल्या खर्चानें, घरापुढें कमानींची वाट ठेवावी व ती लोकांना खुली असावी. तिची उंची निदान सात बोलोनी फूट, म्हणजे सुमारें २.६६ मीटर असावी, कारण घोड्यावर बसलेला मनुष्य खालून गेला पाहिजे. आज त्या शहरांत अशा वाटा सुमारें ६२ किलोमीटर भरतात, आणि २०२१ सालीं युनेस्कोनें त्यांना जागतिक वारशांत स्थान दिलें. पूर्वेकडे सिंगापुरांतही १८२२ सालीं रॅफल्स ह्यानें शहराचा आराखडा आंखतांना घरांपुढें सलग ओसरी ठेवण्याची आज्ञा केली. तिला तेथें ‘पांच फुटी वाट’ म्हणतात. बोलोन्यास हिंवाळा व बर्फ, सिंगापुरास ऊन व पाऊस, मुंबईस आपला मृगापासून हस्तापर्यंतचा पाऊस. हवा निराळी, पण तोडगा एकच : खाजगी घराची एक पट्टी सार्वजनिक पायांसाठीं सोडणें.

घोडेस्वाराची गोष्ट ऐकून वरंधच्या मुलाला रायगडची बाजारपेठ आठवली. तेथें समोरासमोर दोन ओळी, मधून रुंद सरळ रस्ता, आणि उंच उंच जोतीं आहेत. स्वार घोड्यावरूनच सौदा घेत असत, म्हणून जोतीं एवढीं उंच, असें गडावर गेलेल्या प्रत्येकास सांगितलें जातें. मीं त्याला म्हटलें, ‘‘बाळ, ही दंतकथा आहे, तिला आधार काय हें आपण पाहिलें पाहिजे. पण त्या पेठेकडे पाहून एक गोष्ट खात्रीनें सांगतां येते. जोत्यांची रांग सरळ आहे. म्हणजे तीं दुकानें ज्याच्या त्याच्या लहरीनें उभीं राहिलेलीं नाहींत. कोणी तरी आधीं दोरी धरली होती.’’ दगड बोलत नाहीं हें खरें, पण तो सरळ आहे कीं वांकडा हें तर दाखवितो. इतिहास वाचण्याची ही पहिली पायरी आहे.

तिसरें कोडें ‘वर पुस्तकें, खालीं पादचारी’ असें होतें. तें जे. एन. पेटिट इन्स्टिट्यूटच्या वाचनालयाचें. ह्या संस्थेचें मूळ १८५६ सालच्या फोर्टांतील एका वाचनगृहांत आहे. आजची टोंकदार कमानींची इमारत १८९८ ची. मुलांना मीं वजाबाकी करावयास सांगितली : १८९८ वजा १८९६. नियमानंतर दोनच वर्षांत उभ्या राहिलेल्या कमानींकडे मग त्यांनीं निराळ्या नजरेनें पाहिलें. १८९६ हें साल लक्षांत ठेवण्यास सोपें आहे. त्याच सालीं ७ जुलै रोजीं वॉटसन हॉटेलांत ल्युमिए बंधूंची हलतीं चित्रें हिंदुस्थानांत प्रथम दाखविलीं गेलीं, आणि त्याच सालीं मुंबईंत प्लेग आला. म्हणजे एका हातानें शहर नटत होतें आणि दुसऱ्या हातानें माणसें वाहून नेत होतें. केवळ कमानींचें कौतुक करून जो थांबतो, त्यानें अर्धेंच साल वाचलें.

चौथें कोडें पंख असलेल्या, माणसाच्या तोंडाच्या बैलांचें होतें. ते ह्याच रस्त्यावरील एका पारशी अग्यारीच्या दर्शनी भागीं आहेत. अग्यारींत इतरांना प्रवेश नसतो. म्हणून मुलांनीं समोरच्या बाजूनें उभें राहून त्यांना पाहिलें. प्राचीन असुर व इराणी राजवाड्यांच्या दारांवर असे रक्षक असत. मुंबईचे पारशी आपल्या मूळ भूमीची आठवण दगडांत घेऊन आले, हें नातीनें आपणहून सांगितलें. तिला शाबासकी दिली.

पांचव्या कोड्यांत मात्र गुरुजीच नापास झाले. कोडें सोपें वाटेल असें होतें : एका चौकापासून दुसऱ्या चौकापर्यंत एकाच बाजूच्या कमानी मोजा. मीं आदल्या दिवशीं येऊन स्वतः मोजून ठेवल्या होत्या. तिघांनीं तीन आंकडे आणले आणि माझा चौथाच निघाला. मी प्रथम रागावलों. मग चौघांनीं मिळून पुन्हां मोजल्या, तेव्हां उलगडा झाला. नातवानें गल्लीवर आलेली कमान धरली होती, नातीनें वगळली होती. दुकानाच्या पाटीमागें झांकलेली एक कमान वरंधच्या मुलानें वांकून पाहून धरली, ती मला दिसलीच नव्हती. चूक कोणाचीच नव्हती. कमान कशाला म्हणावयाचें हें आधीं ठरविलें नव्हतें, एवढेंच. श्रोतेहो, पस्तीस वर्षें मीं फळ्यावर आंकडे लिहिले आणि मुलांनीं ते उतरून घेतले. आंकडा कोणीं मोजला, काय धरून मोजला, काय झांकलें गेलें, हें विचारावयास मीं एकदांही शिकविलें नाहीं. तें मला ह्या कोड्यानें शिकविलें.

सहावें कोडें मुंबईकरांस आवडेल : ‘चर्चगेट स्टेशनांत चर्चही नाहीं आणि गेटही नाहीं. मग तें दार गेलें कोठें?’ मुलें रस्त्याच्या टोंकास फ्लोरा फौंटनपाशीं पोंचलीं होतीं. एका पुस्तकवाल्या काकांनीं त्यांना हंसून सांगितलें, ‘‘तुम्ही दारांतच उभे आहांत.’’ खरोखर, कोटाचें चर्चकडे जाणारें दार येथेंच होतें. तें पडल्यावर १८६४ सालीं त्या जागीं हें कारंजें बसलें. जवळच संयुक्त महाराष्ट्रासाठीं प्राण दिलेल्या हुतात्म्यांचें स्मारक आहे, आणि त्या चौकास त्यांचें नांव आहे. एका चौकांत तीन काळ उभे आहेत : पडलेलें दार, परक्यांचें कारंजें आणि आपले हुतात्मे. दार ज्या चर्चच्या नांवाचें, तें सेंट थॉमस चर्च पूर्वेस पांच मिनिटांवर आहे. १७१८ सालीं तें उघडलें. जुन्या काळीं मुंबईचे मैल ह्या चर्चपासून मोजीत. तसे कांहीं मैलांचे दगड शहरांत अजून सांपडतात. सातवें कोडें त्या शून्य मैलाचें होतें, आणि तें तिघांनीं चर्चच्या फाटकाशीं सोडविलें.

चर्चच्या पुढें हॉर्निमन सर्कल. येथें पूर्वीं उघडें मैदान होतें व त्यावर कापसाच्या गांठी पडत. तट पाडण्याच्या त्याच धामधुमीच्या काळांत तेथें गोलाकार बाग व तिच्याभोंवतीं एकसारख्या कमानींच्या इमारती योजल्या गेल्या. १८७२ पर्यंत काम पुरें झालें. हॉर्नबी रोडच्या नियमाच्या आधींचा हा धडा होय. तेथें प्रत्येक इमारतीचें तोंडही सारखें आहे. समोर १८३३ सालीं पुरा झालेला टाउन हॉल, म्हणजे एशियाटिक सोसायटीचें घर. त्या परिसरांतल्या वडाच्या सावलींत समभागांचे दलाल जमत. पुढें १८७५ सालीं त्यांची रीतसर संघटना झाली. म्हणजे मुंबईच्या शेअर बाजारालाही आरंभीं छप्पर नव्हतें. झाडाची सावली हीच त्याची कमान! नातवानें विचारलें, ‘‘स्वातंत्र्यानंतर साहेबाचें नांव कां ठेवलें?’’ मीं त्याला सांगितलें कीं पूर्वींचें नांव गव्हर्नर एल्फिन्स्टनचें होतें. तें काढून बेंजामिन हॉर्निमनचें दिलें. हा इंग्रज संपादक ‘बॉम्बे क्रॉनिकल’ पत्रांतून आपल्या बाजूनें लिहीत असे, म्हणून १९१९ सालीं त्याच्याच सरकारनें त्याला येथून हद्दपार केलें. एक इंग्रज नांव गेलें आणि दुसरें आलें. पण दोहोंत अंतर किती! नांव बदलणें म्हणजे नुसती पाटी बदलणें नव्हे, हें त्यास समजलें असावें.

आतां आठवें कोडें उरलें. तें मीं कागदावर लिहिलें नव्हतें, तोंडीं सांगितलें : ‘तीन पानांचा झुपका, वर नाक तुटलेलें तोंड. ह्या खांबाशीं तुमच्या पणजोबांनीं एक पावसाळा काढला.’ मुलें परत हॉर्नबी रोडच्या कमानींत शिरलीं, आणि आतां त्यांच्या चालण्यांत खेळ राहिला नव्हता. प्रत्येक खांबाशीं तीं थांबत होतीं. ज्याला वाचतां येत नाहीं तो मनुष्य शहर कसें वाचतो, हें तेव्हां मला उमगलें. ज्यांनीं तीं पानें व तोंडें कोरलीं त्यांना तीं शोभेचीं वाटलीं असतील. माझ्या वडिलांसारख्या हजारोंना मात्र तीं बाराखडी होतीं.

तीन पानांचे खांब तीन सांपडले. एकावरचें तोंड शाबूत होतें. दुसऱ्यावर तोंडच नव्हतें. तिसऱ्यावरचें एवढें झिजलें होतें कीं तें तोंड आहे कीं नुसता दगड, ह्याचा निर्णय होईना. त्या तिसऱ्या खांबाशीं एक वृद्ध गृहस्थ पांघरूण डोक्यावरून ओढून निजला होता. उशाला एक गाठोडें होतें. वरंधच्या मुलानें इतरांना हातानें ‘हळू’ म्हणून खुणावलें. आम्ही चौघे थोडा वेळ तेथें उभे राहिलों. मग नात हलक्या आवाजांत म्हणाली, ‘‘आजोबा, पणजोबांना कोणी येथून उठवीत नसे का?’’ मीं सांगितलें कीं उठवीत. पहांटे पांच वाजतां इमारतीचा पहारेकरी काठी आपटीत येई. पण तो पाऊस असला कीं अर्धा तास उशिरां येई, असें वडील सांगत. त्या अर्ध्या तासाबद्दल त्यांनीं त्या अनोळखी पहारेकऱ्यास जन्मभर दुवा दिला.

खांब तोच कीं दुसरा, हें मी सांगूं शकत नाहीं, आणि आतां त्याचें मला वाईटही वाटत नाहीं. परंतु एका गोष्टीची काळजी वाटते, ती आपल्यापुढें ठेवतों. ह्या कमानी जुन्या इमारतींच्या आहेत, आणि जुन्या इमारती थकतात. कोठें खांबाला टेंकू लागले आहेत, कोठें विजेच्या तारांचीं जाळीं लोंबत आहेत, कोठें कमानीच्या तोंडावर भलीमोठी पाटी आली आहे. बृहन्मुंबईसाठीं वारसा-इमारतींचे नियम १९९५ सालीं झाले. पुढें ह्या रस्त्यावरील दुकानदार, रहिवासी व स्थापत्यविशारद ह्यांनीं मिळून पाट्यांना शिस्त लावली, कमानी मोकळ्या केल्या, आणि २००४ सालीं युनेस्कोच्या आशियाई वारसा पारितोषिकांत त्या कामाची वाखाणणी झाली. मनांत आणलें तर काय करतां येतें ह्याचा हा पुरावा आहे. पण कामगिरी एकदां करून भागत नाहीं. पडवी दरसाल सारवावी लागते.

कित्येक म्हणतील कीं फेरीवाले हांकला म्हणजे कमानी मोकळ्या होतील. मला हें एवढें सोपें वाटत नाहीं. कमानीखालीं पुस्तकें, रुमाल, घड्याळें विकणारा मनुष्य हाही पोटासाठीं आलेला कोणाचा तरी बाप आहे. माझे वडील तेथेंच ओझें टेंकवीत. त्याचा धंदा चालावा आणि म्हातारीला काठी टेंकीत पलीकडे जातांही यावें, एवढी रुंदी त्या वाटेस आहे. ती दोघांत वांटून कशी द्यावी, हा हिशेब नगरपालिकेनें, मालकांनीं आणि फेरीवाल्यांनीं एकत्र बसून करावयाचा आहे. भय निराळेंच आहे. आपण वर पाहत नाहीं, म्हणून एखादी कमान कोणी गुपचूप भिंत घालून बंद केली तरी आपल्याला कळत नाहीं. कायद्यानें मिळालेला हक्क कायद्यानेंच जातो असें नाहीं. तो वापरावयाचें विसरल्यानेंही जातो.

म्हणून माझी विनंती आहे कीं एखाद्या रविवारीं सकाळीं घरांतील मुलांना घेऊन आपण फोर्टांत जावें. कागद आपला आपण तयार करावा. कोडीं फार अवघड नकोत. प्रत्येक कोड्याचें उत्तर रस्त्यावर उभें असावें, आणि तें पाहण्यासाठीं मान वर करावी लागावी, एवढें पुरे. मुंबई दूर असेल तर आपल्या गांवचा वाडा, पेठ, घाट, देवळाचा सभामंडप घ्या. मुलें चुकलीं तर चुकूं द्या. आपण चुकलों तर कबूल करा. आणि आपल्या वडीलधाऱ्यांनीं सांगितलेली एखादी खूण मनांत असेल, तर ती शेवटचें कोडें म्हणून राखून ठेवा.

परततांना महाडच्या एसटींत वरंधचा मुलगा खिडकीशीं बसला होता. वडखळ मागें पडल्यावर तो म्हणाला, ‘‘गुरुजी, आपल्या पडवीला कधीं कोणी मोजलें आहे काय?’’ मीं म्हटलें, नाहीं. पुढल्या रविवारीं तो मोजपट्टी घेऊन आमच्या दारीं हजर झाला. गांवांतल्या अकरा पडव्या त्यानें आतांपर्यंत मोजल्या आहेत. त्यांत दोन बंद करून खोल्या केलेल्या आहेत, असें त्यानें वहींत लिहिलें आहे.